पाण्यात सोडलेलं नाव

मूल गावच्या आठवडी बाजारात शिंगाडे विकायला बसलेल्या बाईला फोनकडे बघायची फुरसत नसते. एका हातात तराजू, दुसऱ्याने माशा वारायच्या, आणि तोंडाने गिऱ्हाईक सांभाळायचं. पण उन्हं कलली, गर्दी जरा ओसरली, तेव्हा प्रेमिलाने पदराला हात पुसून फोन काढला. अ‍ॅपवर कोणीतरी मैत्रीची विनंती पाठवली होती. नाव होतं इस्तारी पचारे.

इस्तारी पचारे हा प्रेमिलाचा नवरा. दोन वर्षांपूर्वी गावच्या तलावात तो बुडून मेला होता. त्याच्या तोंडात शेवटचं पाणी तिनेच घातलं होतं, आणि बुडून मेलेल्या माणसाच्या तोंडात वर पुन्हा पाणीच घालावं लागतं याचा तिला तेव्हा मनस्वी संताप आला होता. फोटो मात्र त्याचाच होता. दंडारीत, गावच्या दिवाळीतल्या नाटकात, राजा झाला होता तेव्हाचा, डोक्याला जरीचा फेटा, ओठांवर रंगवलेल्या मिशा आणि त्यांच्याखाली ते बेरकी हसू.

कोण्यातरी हरामखोराचं काम, असं मनाशी म्हणून तिने फोन पालथा ठेवला आणि उरलेले शिंगाडे पोत्यात भरले.

प्रेमिलाचं गाव पाथरबोडी. मोठा जुना तलाव, त्याच्या काठी ढिवरांची वस्ती. मासे धरायचे, शिंगाड्याचे वेल लावायचे, पावसाळ्यात धानाच्या बांधीत रोवणीला जायचं, यावर गाव जगतं. मोबाइलची रेंज गावात कुठेच नाही, फक्त तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर येते. त्यामुळे संध्याकाळी अख्खं गाव पाळीवर बसलेलं दिसतं. परक्या माणसाला वाटावं, काय निसर्गवेडी मंडळी आहेत. सगळ्यांच्या माना फोनात असतात.

या गावाची एक रीत होती. पाण्यात गेलेल्या माणसाचं नाव दहाव्याला पाण्यात सोडून द्यायचं. गावातला सगळ्यात जुना नावाडी कंबरभर पाण्यात उभा राहून ते नाव एकदा उच्चारतो, आणि त्यानंतर ते नाव कोणी घेत नाही. पाळीवर तर नाहीच नाही. घेतलं तर पाण्याला पुन्हा आठवण होते, असं म्हणतात. इस्तारीच्या दहाव्याला देवाजीभाऊंनी हे सगळं यथासांग केलं, आणि बाहेर येऊन धोतर पिळता पिळता म्हणाले, "फोनातलं बी काढा रे बावा. नाव म्हंजे नाव."

गावाने ते ऐकलं. त्याच दिवशी पाळीवर बसून सगळ्यांनी इस्तारीचा नंबर पुसला आणि आपापल्या मित्रांच्या यादीतून त्याला वगळलं. प्रेमिलानेही वगळलं. तिला ते पटलं नव्हतं, पण जुन्या रितीपुढे नव्याने लग्न होऊन आलेली बाई काय बोलणार. आणि आता दोन वर्षांनी तेच नाव परत येऊन दारात उभं होतं.

बाजारातून ती परतली तेव्हा कळलं की विनंती सगळ्यांनाच आली आहे. त्याहून कहर म्हणजे निम्म्याअधिक गावाने ती स्वीकारलीही होती. आता तुम्ही म्हणाल, मेलेल्या माणसाची मैत्री कोणी स्वीकारतं का? पण नाकारायची कोणाची छाती झाली नव्हती. जिवंत माणूस रुसला तर समजूत काढता येते, मेलेला रुसला तर त्याला कुठे गाठायचं?

घरी सासू, इंदुताई, अंगणात बसून तांदूळ निवडत होती. लेक गेल्यापासून या बाईच्या डोळ्यांतून पाण्याचा थेंब निघाला नव्हता. रडली नाही, की त्याच्याबद्दल बोलली नाही. आज मात्र ती स्वतःशीच गुणगुणत होती, आणि चुलीवर हिरव्या मिरचीचा झिंग्याचा रस्सा रटरटत होता. तो इस्तारीच्या आवडीचा. गेल्या दोन वर्षांत या घरात तो शिजला नव्हता.

"माय, कोण येऊन राह्यलं आज?" प्रेमिलाने विचारलं.

"तो बोलला माह्याशी," इंदुताई हळूच म्हणाली आणि मांडीखालचा फोन काढला. तिला वाचता येत नव्हतं. निळं बटण दिसलं की दाबायचं, एवढंच तिचं शिक्षण. "आयक."

तिने बोट ठेवलं. आधी नुसती खरखर आली. मग पाण्याचा आवाज, वल्हं उचलल्यावर निथळतं तसा, थेंब थेंब. आणि मग त्या आवाजाच्या मागून, फार लांबून...

"माय... लय थंडं आहे इथी... पाळीवर ये न माय... एकटीच ये..."

तो इस्तारीचा आवाज होता. शब्दाच्या शेवटी किंचित नाकात जाणारा. अंगणात रश्श्याचा वास होता, पण आता त्याच्यावर दुसराच वास चढत होता, तळाच्या काळ्या गाळाचा आणि कुजलेल्या कमळाच्या देठांचा. तो फोनातूनच येत होता. तिने सासूच्या हातून फोन घेतला तर काच ओली लागली.

"उद्या दुपारी जातो म्हणते मी," इंदुताई म्हणाली. इतकी गोड हसली ती.

प्रेमिलाला आता नाव चोरणाऱ्या भामट्याचं भय राहिलं नव्हतं, वेगळंच भय होतं. पाळीच्या खाली तलाव खोल होता, आणि त्या काठाला शिंगाड्याच्या वेलांचं जाळं माजलं होतं. पट्टीचा पोहणारा इस्तारी त्यातच अडकला होता. पाय वेलात गुंतला की म्हातारीला कोण काढणार?

ती आपला फोन घेऊन पाळीवर गेली आणि तिने हेमराजला लावला. हेमराज इस्तारीचा लंगोटीयार, बल्लारपूरला मोबाइल दुरुस्तीचं दुकान टाकून बसलेला. त्याच्याही नावाने मागे कोणीतरी खोटं खातं काढलं होतं, त्यामुळे या कामात तो पोळलेला माणूस.

"वहिनी, घाबरू नोको," तो म्हणाला. "आवाज बी बनवतेत आजकाल. त्याच्या दंडारीचे व्हिडिओ आहेत न, त्यातून उचलला असन. पहिले तं त्याले काईच उत्तर देऊ नोको. त्या पानाचा फोटो काढून ठेव, लिंक बी ठेव, उद्या सायबर पोलिसाले द्याले कामी येईन. मंग वर ते तीन टिंब दिसतेत न, ते दाब. तक्रार कराचं येते. दुसऱ्याचं सोंग घेतलं, असं निवड."

ती त्याने सांगितलं तसं करत गेली. अंगठा टेकवताना समोरचं पाणी तिला उगाचच जास्त गप्प वाटलं.

"भाऊ, एक विचारू?"

"विचार न."

"आमच्या घरी रेंज नाई. कधीच नाई. मंग मायले घरी बसून आवाज कसा आला?"

पलीकडे दुकानातला पंखा तेवढा कुरकुरत होता.

"वहिनी," तो शेवटी म्हणाला, "तू त्या म्हातारीले एकटं सोडू नोको."

सकाळी प्रेमिलाने सासूचा फोन बंद केला आणि धानाच्या ढोलीत, त्या मोठ्या कणगीत, खोल पुरला. दुपारी बारा वाजता, ऊन माथ्यावर आल्यावर, सगळी वस्ती जेवून सुस्तावलेली असताना, ढोलीच्या आतून, धानाच्या थराखालून आवाज आला. दबलेला, ओला.

"माय... येऊन राह्यली न..."

इंदुताई उठून चपला शोधायला लागली. प्रेमिलाने दाराला कडी घातली आणि दाराला पाठ लावून बसली. ढोलीतून धान सरकल्यासारखा सरसर आवाज बराच वेळ येत होता. मग थांबला. संध्याकाळी तिने ढोलीत हात घातला तेव्हा कोरडं धान ओलं होऊन फुगलेलं होतं.

तिसऱ्या दिवशी कंपनीचं उत्तर आलं. ते खातं खोटं असल्याचं आम्हाला आढळलं नाही, असं त्यात सभ्य भाषेत लिहिलं होतं. प्रेमिलाने पाळीवरच हेमराजला ते वाचून दाखवलं आणि तिला रडू फुटलं.

"थांब, पाहू दे मले," हेमराज म्हणाला. थोड्या वेळाने त्याने परत फोन केला तेव्हा त्याचा आवाज बदलला होता. "वहिनी, त्याचं खरं खातं मले दिसून राह्यलं. जुनं. पण त्याच्यापाशी गावातला एकबी माणूस नाई वो. सारं गाव त्या खोट्यापाशी जाऊन बसलं आहे. तिथं मशीन आहे, माणूस नाई. ज्याच्यामांगं गाव उभं, तो खरा, असंच समजन न ते. असं काऊन केलं तुम्ही?"

प्रेमिलाने इस्तारीचं जुनं खातं उघडलं. दोन वर्षांत पहिल्यांदा. कोणाचा शब्द नाही, कोणाची खूण नाही. इस्तारी डोंग्यात उभा आहे, हातात वल्हं, शेवटचा फोटो. त्याखाली रिकामी जागा. तो बुडाला तेव्हा त्याला कोणी हात देऊ शकलं नव्हतं, ते नशिबाचं झालं. पण नंतर गावाने मिळून त्याला परत एकदा सोडलं होतं, आणि त्यात तिचाही अंगठा होता. तिला इतकी लाज वाटली की भीती मागे पडली.

"आता काय करू, भाऊ?"

"मैत्री तं आता होत नाई, ते मान्य कराले तो पाह्यजे. पण त्या खऱ्या फोटोखाली साऱ्यानं लिहा. नाव घेऊन लिहा, आमचा आहे म्हणून. खोट्याले साऱ्यानं काढून टाका. अन् मंग एकदमच तक्रार करा. खरा कोण म्हणून विचारते, तिथं हे जुनं खातं दाखवा. साऱ्यानं, वहिनी. एकट्यादुकट्याचं काम नाई."

रेंज पाळीवरच. म्हणजे जिथे ते नाव घ्यायचं नाही, नेमकं तिथेच अख्ख्या गावाने ते लिहायचं. प्रेमिलाने वस्तीत घरोघर निरोप दिला. दुपारी शिंगाडे तोडणारे डोंगे काठाला लागले, आणि माणसं पाळीवर जमली. वर लख्ख ऊन होतं, तरी कोणी मोठ्याने बोलत नव्हतं. देवाजीभाऊ सगळ्यांच्या पुढे काठी टेकून उभे होते.

"हे जमाचं नाई, पोरी," ते म्हणाले. "म्या सोडलं ते नाव. सोडलेलं परत घेत नसतेत."

"भाऊ, रागावू नका," प्रेमिला म्हणाली. "तुम्ही पाण्यात सोडलं अन् आम्ही फोनातून बी फेकलं. तो आपला माणूस होता न जी? आपलीच चीज आपून रस्त्यात टाकून देल्ली, मंग कोणं तरी उचलली. आता ते नाव घालून तो माह्या सासूले बोलावून राह्यला. आज तिले नेईन. उद्या तुमच्या घरच्याले."

देवाजीभाऊंनी पाण्याकडे पाहिलं. वारा नव्हता, तरी वेलांची पानं एका बाजूने हळूहळू उलटत होती, खालून कोणीतरी हात फिरवत जावं तशी. मग त्यांनी बंडीच्या खिशातून आपला फोन काढला आणि शेजारच्या वच्छलाबाईपुढे धरला.

"मले लिवता येत नाई, बाई," ते म्हणाले. "तू लिव. इस्तारी म्हणून लिव."

पाळीवर ते नाव दोन वर्षांनी उच्चारलं गेलं. आणि त्याच क्षणी वच्छलाबाई म्हणाली, "प्रेमिला... तुही सासू कुठी आहे?"

प्रेमिला सासूला शेजारच्या घरी बसवून आली होती. आता पलीकडच्या घाटाकडे पाहिलं तर पांढरं लुगडं दिसलं. इंदुताई पाण्यात होती. कंबरेपर्यंत. ढोलीत पुरलेला तोच फोन कानाला धरून ती सावकाश पुढे चालली होती, नात्यातल्या घरी निघाल्यासारखी.

"तुम्ही थांबू नका," प्रेमिला ओरडली, "लिहा तुम्ही," आणि ती पळत सुटली.

ती पाण्यात शिरली तेव्हा पहिला स्पर्श थंडीचा झाला. वर आश्विनाचं ऊन होतं, तलावाचं पाणी या दिवसांत कोमट असायला हवं होतं, पण हे हाडात शिरणारं होतं. पायांना वेल लागत होते, लागत होते आणि धरत होते. तिने सासूचं मनगट पकडलं. म्हातारी एवढीशी, पण हलेना. तिला कोणीतरी पलीकडून तेवढ्याच जोराने धरलं होतं.

फोनातून आता आवाज स्पष्ट येत होता.

"अजून ये... अजून थोडं ये, माय..."

"सोड मले," इंदुताई म्हणाली. "माहा लेक आहे तो. त्याले थंडी वाजून राह्यली."

प्रेमिलाने ओढणं थांबवलं. तिने सासूच्या कानाशी तोंड नेलं.

"माय, तुहा लेक आहे न? मंग त्याले नाव विचार. फक्त नाव विचार त्याचं."

इंदुताईने तिच्याकडे पाहिलं. तिचा चेहरा लहान मुलासारखा गोंधळला.

"बापू..." ती फोनात म्हणाली. "तुहं नाव सांग न रे."

थेंबांचा आवाज थांबला.

"माय... मी..."

"हो रे. पण नाव?"

"मी... मी..." आवाज नाकातून घशात गेला, आणि घशातून आणखी खाली. "मी..."

तेवढ्यात पाळीवर लिहून, तक्रारी करून झाल्या आणि तिथून हाक आली. देवाजीभाऊंची, म्हातारी, फाटलेली. "इस्तारी..." मग वच्छलाबाईची. मग सगळ्यांची, बायांची, बाप्यांची, एकापाठोपाठ एक. त्याच्यासोबत दंडारीत नाचलेले, जाळी विणलेले, त्याच्या लग्नात जेवलेले, सगळे एकच नाव हाकारत होते, आणि पाण्यावरून ते नाव या काठापासून त्या काठापर्यंत फिरत होतं. पाणी ऐकतं म्हणतात ना, तर ऐकू दे, अशा आवाजात. प्रेमिलानेही तोंड उघडलं. नवऱ्याचं नाव तिने लग्नातल्या उखाण्यानंतर कधी घेतलं नव्हतं. आज तिने ते छाती फोडून घेतलं.

फोनातला आवाज "मी" म्हणता म्हणता मधेच तुटला.

पायांभोवतीचे वेल सैल पडले. पाणी कोमट झालं. इंदुताईच्या हातातल्या काचेवर तो फेटेवाला फोटो नाहीसा झाला, आणि त्या जागी राखाडी अक्षरं उमटली. हे खातं आता उपलब्ध नाही.

प्रेमिलाने सासूला काठावर आणलं. म्हातारी घाटाच्या पायरीवर बसली, कोऱ्या फोनकडे बघत राहिली, आणि मग दोन वर्षांचं अडलेलं रडणं तिच्यातून बाहेर आलं. "मेला वो," ती सुनेच्या गळ्यात पडून म्हणाली. "माहा इस्तारी मेला." प्रेमिलाने तिला घट्ट धरलं. तिच्याही डोळ्यांना धार लागली होती, पण आत कुठेतरी इतका मोठा आनंद उसळत होता की तिला तो लपवता आला नाही. सासू जिवंत होती, ओली, गरम, हुंदके देणारी, तिच्या कुशीत.

त्या संध्याकाळी पाथरबोडीत दंडार झाली. दिवाळीला अवकाश होता, पण थांबायला कोणी तयार नव्हतं. ढोलकी निघाली, आणि इस्तारीचं राजाचं काम देवाजीभाऊंनी केलं. फार वाईट केलं. संवाद विसरले, फेटा डोळ्यांवर घसरला, आणि लोक हसून हसून लोळले. इंदुताईने सगळ्यांना झिंग्याचा रस्सा वाढला, आणि प्रत्येकाला वाढताना लेकाचं नाव घेतलं. गावाने तिथेच ठरवून टाकलं की यापुढे कोणाचंही नाव पाण्यात सोडायचं नाही. पाण्याकडे माणूस जातो तेवढा पुरे.

दिवस मावळता मावळता प्रेमिला हेमराजला कळवायला पाळीवर आली. मागून ढोलकी ऐकू येत होती. फोनला रेंज लागली आणि कंपनीचं उत्तर उमटलं. तुमच्या तक्रारीबद्दल आभारी आहोत, खातं काढून टाकलं आहे. त्याच्याखाली आणखी एक ओळ होती. तिने ती वाचली, परत वाचली, आणि मग हेमराजला लावून वाचून दाखवली.

"आपण ज्यांची ओळख दिली होती, त्या इस्तारी पचारे यांना आम्ही विचारणा केली. ते खातं आपलं नसल्याचं त्यांनी स्वतः कळवलं आहे."

"तसंच करतेत ते," हेमराज म्हणाला. "खऱ्या माणसाले विचारतेत, अन् तो म्हणला का मंग..." त्याचं वाक्य तिथेच राहिलं. "वहिनी... त्याचा फोन सापडला होता का तेव्हा?"

"नाई," प्रेमिला म्हणाली. "त्याच्यासंगच गेला."

तलाव काळा पडत चालला होता. प्रेमिलाने ती ओळ पुन्हा वर आणली आणि तिच्यापुढे लिहिलेली, त्याने कळवल्याची वेळ पाहिली. दुपारची होती. देवाजीभाऊ अजून पाळीवर नाही नाही म्हणत होते, कोणाचा अंगठा अजून कशालाही लागला नव्हता, आणि पलीकडच्या घाटावर इंदुताई पाण्यात पहिलं पाऊल टाकत होती, तेव्हाची.